आत्याची ट्रंक जाळू नका, आणि मावशींना विचारल्याशिवाय उघडूही नका

पत्र असं आहे:

‘माझी आत्या सांगलीत गणिताची शिक्षिका होती. तिनं लग्न केलं नाही. गेल्या वर्षी, ८३व्या वर्षी ती गेली. तिच्याच शाळेतल्या संगीताच्या बाई ३७ वर्षं तिच्याबरोबर राहत होत्या. आम्ही मुलं त्यांना मावशी म्हणायचो. मावशी आता ८१ वर्षांच्या आहेत, कोल्हापूरला भाच्याकडे असतात. आत्याची इमारत रिडेव्हलपमेंटला जाणार म्हणून घर रिकामं करताना पलंगाखाली एक लोखंडी ट्रंक निघाली. तीत दोघींनी एकमेकींना लिहिलेली तीनेकशे पत्रं, आत्याच्या दोन डायऱ्या, फोटो, पासबुकं असं बरंच काही आहे. मी दहा-बारा पत्रं चाळली. ती नुसत्या मैत्रिणींची वाटत नाहीत. चुलतभाऊ म्हणतो, गेलेल्या माणसाची अब्रू चव्हाट्यावर नको, जाळून टाकू. शाळेच्या अमृतमहोत्सवी स्मरणिकेत आत्याचं छोटं चरित्र लिहायचं काम माझ्याकडे आलंय. आत्या लेस्बियन होती असं म्हणता येईल का? ते कशावरून ठरवायचं? आणि लिहायचं की नाही? – एक भाची, सांगली’

सप्रेम नमस्कार.

तुमचे सगळे प्रश्न आत्याबद्दल आहेत. पण ट्रंकेतली निम्मी पत्रं ज्यांनी लिहिली त्या मावशी हयात आहेत, आणि सांगलीहून कोल्हापूर तास-दीड तासावर आहे. या ट्रंकेचं काय करायचं हे सांगायचा पहिला मान त्यांचा. तुमचा त्यानंतर, आणि चुलतभावाचा त्याच्याही नंतर. घर रिकामं करायची घाई समजू शकते, पण ट्रंक रिक्षात घालून तुमच्या घरी नेता येते. ती न्या, कुलूप लावा, आणि मावशींना भेटेपर्यंत पुढचं एकही पत्र वाचू नका.

फोनवर विषय काढू नका. म्हाताऱ्या माणसाचा फोन बहुतेक वेळा घरातलंच कोणीतरी उचलून देतं आणि शेजारी उभं राहतं. समक्ष जा, भाचा घरात नसेल अशी वेळ बघून जा. ट्रंक बरोबर नेऊ नका. फार तर एखादा दोघींचा फोटो न्या. सरळ सांगा: आत्याची ट्रंक मिळाली, माझ्याकडे कुलपात आहे, त्यातली दहा-बारा पत्रं मी वाचली. हे शेवटचं वाक्य गाळू नका. आपण काही वाचलंच नाही असं भासवलंत आणि पुढे बोलण्याच्या ओघात ते कळलं, तर त्या दार लावून घेतील. मग विचारा, ‘मावशी, याचं काय करू?’ आणि गप्प बसा. उत्तर त्या दिवशी मिळेलच असं नाही.

जाळायचं किंवा छापायचं, एवढे दोनच मार्ग असतात अशी बहुतेकांची समजूत असते. मधले मार्ग त्यांना माहीत नसतील तर तुम्ही सांगा. त्यांची पत्रं त्यांना परत देता येतात. सगळी ट्रंक त्यांच्या हयातीत बंद ठेवता येते. तुम्ही वाचायचं पण लिहायचं नाही, असंही ठरवता येतं. लोरेना हिकॉक या अमेरिकन पत्रकार बाईंनी हाच मधला रस्ता धरला होता. राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांच्या पत्नी एलिनॉर आणि हिकॉक यांच्यातली तीन हजारांहून जास्त पत्रं होती. काही हिकॉकनं स्वतः जाळली, पण उरलेली १९५८ मध्ये न्यूयॉर्क राज्यातल्या हाइड पार्क गावच्या रूझवेल्ट ग्रंथालयाला दिली, ती एका अटीवर: आपल्या मृत्यूनंतर दहा वर्षं ही खोकी उघडायची नाहीत. त्या १९६८ मध्ये गेल्या, खोकी १९७८ मध्ये उघडली. अठरा खोकी होती. ती उघडेपर्यंत ‘एलिनॉरची एक पत्रकार मैत्रीण’ एवढीच हिकॉकची ओळख चरित्रांतून होती.

मावशींनी ‘माझी पत्रं जाळ’ असं सांगितलं तर? महिनाभराने पुन्हा एकदा जा, मधला मार्ग पुन्हा समजावून सांगा. तेव्हाही उत्तर तेच असेल तर त्यांची पत्रं त्यांच्या हाती द्या. जिवंत माणसाची इच्छा इतिहासापेक्षा मोठी आहे, या बाबतीत आमचं मत पक्कं आहे. आत्याची पत्रं आणि डायऱ्या मात्र वेगळ्या. त्यांचा प्रश्न त्यात मिसळू देऊ नका.

आता चुलतभावाचं म्हणणं. तो दुष्ट नाही, घाबरलेला आहे, आणि असा घाबरलेला माणूस या इतिहासात पावलोपावली भेटतो. त्याला हॅलिफॅक्सची गोष्ट सांगा. इंग्लंडमधल्या यॉर्कशायरात, हॅलिफॅक्स गावाजवळ शिब्डेन हॉल नावाचं घर आहे. तिथे ॲन लिस्टर (१७९१–१८४०) नावाची जमीनदारीण राहायची. तिनं मागे सुमारे ५० लाख शब्दांची रोजनिशी ठेवली. त्यातला साधारण सहावा भाग सांकेतिक लिपीत होता. ग्रीक अक्षरं आणि बीजगणितातल्या चिन्हांचं मिश्रण करून ती लिपी तिनं बनवली होती. पुढे त्याच घराण्यातल्या जॉन लिस्टरनं शिक्षक असलेल्या आर्थर बरेल या मित्राबरोबर एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी ही लिपी फोडली. आधी दोन अक्षरं अंदाजानं लागली. मग जुन्या कागदांत एक कपटा सापडला. त्यावर ‘ईश्वरावरच माझी…’ अशा अर्थाचे शब्द साध्या लिपीत होते आणि शेवटचा एक शब्द सांकेतिक. तो ‘आशा’ या अर्थाचा असणार हे ओळखल्यावर बाकीची लिपी उलगडत गेली. जे वाचायला मिळालं ते स्त्रियांवरच्या प्रेमाचं, शरीरसंबंधांसकट, तारीखवार वर्णन होतं. बरेल म्हणाला, जाळून टाक. जॉननं जाळलं नाही. वह्या घरातच ठेवल्या आणि तो स्वतः गप्प राहिला. १९३३ मध्ये तो वारला. त्यानंतर वह्या गावाच्या ग्रंथालयाकडे आल्या, पण सांकेतिक भागातलं काय छापू द्यायचं यावर तिथल्या समितीचा पहारा पुढे कित्येक वर्षं राहिला. हेलेना व्हिटब्रेड या संशोधक बाईंनी तो भाग सविस्तर उलगडून १९८८ मध्ये प्रसिद्ध केला. २०११ मध्ये युनेस्कोच्या ब्रिटनमधल्या ‘जागतिक स्मृती’ नोंदवहीत या रोजनिशीचं नाव गेलं. हे सगळं घडू शकलं ते एका भित्र्या माणसानं काडी ओढली नाही म्हणून. जॉन लिस्टरला धीट व्हावं लागलं नाही. तुमच्या चुलतभावालाही व्हायची गरज नाही. त्यानं फक्त काही करू नये.

आपल्याकडेही पत्रं सहज जाळली जातात. अमृता शेरगिल १९३८ मध्ये लग्नासाठी हंगेरीत असताना तिला आलेली पत्रं आईवडिलांनी जाळली, त्यात जवाहरलाल नेहरूंचीही होती. एवढ्या नामवंत चित्रकर्तीच्या घरी हे घडलं, तर सांगलीच्या गणिताच्या बाईंच्या पत्रांना कोण विचारतो?

स्त्रियांच्या बाबतीत याचा परिणाम फार वाईट होतो. ज्या जोड्यांवर गदा आली त्यांची नोंद वर्तमानपत्रांत, पोलिसांत, कोर्टात राहते. १९८८ च्या सुरुवातीला भोपाळच्या लीला आणि उर्मिला या दोन महिला शिपायांनी एकमेकींशी लग्न केल्याची बातमी देशभर गाजली आणि दोघींची नोकरी गेली. त्या इतिहासात आहेत. ज्या दोघी सुखानं तीस-चाळीस वर्षं एका छपराखाली राहिल्या, सणवार केले, पेन्शन घेतली आणि गेल्या, त्यांचा कागद असा पलंगाखालीच सापडतो. सापडला नाही तर त्या नव्हत्याच असं पुढचे लोक म्हणतात.

मावशींनी होकार दिला असं धरून पुढचं सांगतो.

ट्रंक उघडल्या उघडल्या पत्रं तारखेप्रमाणे लावायला बसू नका. सर्वांत जास्त नुकसान इथेच होतं. आत्यानं ती ज्या क्रमानं, ज्या गठ्ठ्यांत ठेवली तो क्रमच एक पुरावा आहे. कोणती पत्रं रुमालात बांधलेली होती, कोणती डायरीत सरकवलेली होती, कोणती तळाशी वर्तमानपत्राखाली होती, याचे फोटो आधी काढा: ट्रंक उघडल्यावर वरून एक, मग प्रत्येक थर काढल्यावर एक. गठ्ठ्यांना अ, आ, इ अशी नावं द्या. प्रत्येक पत्राच्या मागे खालच्या कोपऱ्यात मऊ शिसपेन्सिलीनं (टू-बी चालेल) हलक्या हातानं ‘अ-१’, ‘अ-२’ असा क्रमांक घाला. पेन नको, चिकटपट्टी नको, स्टिकर नको. तारखेप्रमाणे क्रम लावायचा तो नंतर वहीत किंवा एक्सेलमध्ये, कागदांना न हलवता.

गंजलेल्या टाचण्या ओढून काढू नका, कागद फाटतो. टाचणीखाली पातळ प्लॅस्टिकचा तुकडा सरकवा, टाचणी सैल करा, मग काढा. रबर बँड वितळून चिकटला असेल तर तो सुकून कडक झालेला भाग तुकड्या-तुकड्यानं निघतो. जो निघत नाही तो राहू द्या. धूळ मऊ ब्रशनं कागदाच्या मधून कडेकडे झटका. ओलं फडकं अजिबात नको, फाउंटन पेनची शाई पाण्यानं पसरते. लॅमिनेशन करून घेण्याचा सल्ला कोणीतरी नक्की देईल. ते पुन्हा काढता येत नाही आणि आतला कागद उष्णतेनं खराब होतो. डांबराच्या गोळ्या कागदांत टाकू नका, कडुनिंबाचा ओला पालाही नको. त्यानं डाग पडतात, दमट होतं. ट्रंक आतून गंजलेली असेल तर पत्रं आम्लमुक्त कागदाच्या पाकिटांत घालून जाड पुठ्ठ्याच्या खोक्यात ठेवा; खोकं जमिनीवर किंवा बाहेरच्या भिंतीला टेकून नको, माळ्यावरही नको. पावसाळ्यात महिन्यातून एकदा उघडून कसर, वाळवी, बुरशी बघा. ट्रंक मात्र टाकू नका, तीही ठेवा.

आंतर्देशीय पत्रांकडे विशेष लक्ष द्या. जागा कमी असल्यामुळे मजकूर संपला की माणूस कडेनं उभा लिहायला लागतो, मग घडीच्या पट्टीवर, मग पत्ता लिहायच्या बाजूला कोपऱ्यात. मनातलं असतं ते बहुधा या शेवटच्या ओळींत. म्हणून फक्त आतल्या पानाचा फोटो पुरत नाही. सगळं उलगडून दोन्ही बाजू आणि प्रत्येक पट्टी वेगळी घ्या. तिकिटं कापू नका, घरातल्या कुणा तिकीट जमवणाऱ्या मुलाला देऊ नका. पोस्टाचे शिक्के दोन असू शकतात, निघाल्याचा आणि पोचल्याचा. पत्रात नुसतं ‘श्रावण वद्य पंचमी, शुक्रवार’ असेल तर साल या शिक्क्यावरूनच लागतं, आणि त्या वेळी दोघी कुठे होत्या तेही कळतं. शिक्का पुसट असेल तर तिथीचा वार पंचांगाशी ताडून संभाव्य सालं काढता येतात.

स्कॅनर असेल तर पत्रं ४०० डीपीआयला आणि फोटो ६०० डीपीआयला घ्या. नसेल तर फोन चालेल: खिडकीजवळ दिवसाच्या उजेडात, फ्लॅश बंद, फोन कागदाला समांतर, शेजारी एक पट्टी ठेवून. रोज ३० पत्रं घेतलीत तर दहा-अकरा दिवसांत होतं. त्याआधी फोनचा फॅमिली अकाउंटवर होणारा ऑटो बॅकअप बंद करा. नाहीतर मावशींची पत्रं त्याच रात्री सगळ्या भावंडांच्या फोनवर जातील, आणि मग मावशींना दिलेला शब्द कसा पाळणार? प्रती तीन ठेवा, त्यांतली एक दुसऱ्या गावी. व्हॉट्सॲपवरून पाठवलेली प्रत ही प्रत धरू नका. ती आकसलेली असते.

आता वाचनाकडे वळू. ‘कशावरून ठरवायचं’ हा तुमचा प्रश्न जुना आहे. आयर्लंडच्या एलिनॉर बटलर आणि सारा पॉन्सन्बी १७७८ मध्ये घर सोडून गेल्या आणि वेल्समधल्या लँगोलन गावी पन्नासेक वर्षं एकत्र राहिल्या. त्यांना बघायला लांबून लोक येत. १७९० मध्ये एका वर्तमानपत्रानं आडून-आडून लिहिलं, तेव्हा खटला भरावा का असं त्यांनी एडमंड बर्क या नामवंत राजकारणी-विचारवंताला विचारलं होतं. १८२२ मध्ये ॲन लिस्टरही तिथे जाऊन आली, आणि यांचं प्रेम निव्वळ मैत्रीचं असेल का, असा विचार तिनं रोजनिशीत केला. तसं तिला वाटेना. जी स्वतः स्त्रियांवर प्रेम करत होती तिलाही बाहेरून बघून खात्री देता आली नाही. तेव्हा तुम्हाला पहिल्या वाचनात ती मिळाली नाही म्हणून खट्टू होऊ नका.

एक चूक फार होते. ‘एका पलंगावर झोपायच्या’ हे लोक मोठ्या गुपितासारखं सांगतात. त्या काळी इंग्लंडात स्त्रिया एका बिछान्यात झोपत, आणि आपल्याकडे तर एका खोलीत चार जणींची अंथरुणं पडत. त्यावरून काही सिद्ध होत नाही. उलट ‘शारीरिक पुरावा नाही, म्हणजे मैत्रीच’ हाही निष्कर्ष तितकाच पोकळ. तुमच्या आजी-आजोबांच्या चरित्रात त्यांच्या शेजेचा पुरावा कोणी मागितला नसता. लग्नपत्रिका आणि रेशनकार्ड पुरलं असतं. दोन बायकांसाठी निराळं माप लावायचं कारण नाही. ‘मैत्री’ हा काही डिफॉल्ट नाही, तोही एक दावा आहे आणि त्यालाही पुरावा लागतो.

मग बघायचं काय? सर्वांत आधी पैसा आणि सही. संयुक्त खातं होतं का, ‘दोघींपैकी कोणीही किंवा हयात असेल ती’ अशा सूचनेचं? विम्याची आणि प्रॉव्हिडंट फंडाची नॉमिनी कोण? इस्पितळाच्या कागदावर नातेवाईक म्हणून कोणी सही केली आणि ‘नातं’ या रकान्यात काय लिहिलं? मृत्युपत्र आहे का? ॲन लिस्टर आणि तिची जोडीदार ॲन वॉकर यांनी मृत्युपत्रांत एकमेकींना आपापल्या मालमत्तेचा हयातीपुरता उपभोग लिहून दिला होता. लिस्टरनं अट घातली होती की वॉकरनं लग्न केलं तर तो हक्क जाईल. असा कागद शंभर गोड पत्रांच्या तोडीचा असतो. पासबुकं म्हणूनच महत्त्वाची. रद्दी समजून ती आधी फेकली जातात.

मग लग्नपत्रिका आणि शुभेच्छापत्रांची पाकिटं बघा. पाहुण्यांनी आमंत्रण एकीच्या नावे पाठवलं की दोघींच्या? कोणत्या सालापासून दोघींच्या? घरातल्यांना काय कळत होतं ते तिथे दिसतं. तुम्ही मुलं त्यांना ‘बाई’ न म्हणता ‘मावशी’ म्हणायचा, हेही कोणीतरी शिकवलं असणारच; कोणी आणि कधी, हे वडीलधाऱ्यांना विचारून ठेवा.

त्यानंतर पत्रांचा मायना. मराठी पत्रात तो फार बोलका असतो. दोन सहकारी शिक्षिकांची सुरुवात ‘सौ.’ किंवा ‘कु. अमुक बाई यांस, सा. न. वि. वि.’ अशीच होणार, आणि मजकुरात ‘तुम्ही’ असणार. ‘तुम्ही’ कोणत्या पत्रात ‘तू’ होतं? मायना कधी गळतो आणि नुसतं नाव उरतं, किंवा घरातलं कोणी वापरत नाही असं नाव येतं? ते पत्र हातात घ्या, त्याआधीची आणि नंतरची पाच-पाच पत्रं शेजारी ठेवा. पोस्टकार्डावर मायना पुन्हा औपचारिक होतो का तेही बघा. पोस्टकार्ड पोस्टमनपासून शेजाऱ्यापर्यंत सगळे वाचत. उघड्या कार्डावर ‘बाई’ आणि बंद पाकिटात ‘तू’, असं दिसलं तर कोणापासून काय लपवायचं हे दोघींना ठाऊक होतं, एवढं नक्की म्हणता येतं.

खुणा नोंदवून ठेवा. लिस्टर समासात फुली मारायची. तिचा अर्थ शरीरसुखाशी होता हे पुष्कळ पानं शेजारी-शेजारी वाचल्यावरच लागलं. आत्या गणिताची. डायरीत तारखेपुढे टिंब, आकडा, त्रिकोण असं काही वारंवार येत असेल तर लगेच रोमँटिक अर्थ लावू नका. ती मासिक पाळीची नोंद असू शकते, औषधाची, दुधाच्या हिशोबाची. वर्षभराच्या खुणा एका तक्त्यात उतरवा आणि मावशींच्या येण्या-जाण्याशी ताडून बघा.

पत्रांचा एक स्वभाव ध्यानात ठेवा: एका घरात राहणारी माणसं एकमेकींना पत्र लिहीत नाहीत. त्यामुळे दाट पत्रव्यवहार सापडेल तो एकत्र राहण्याआधीचा, मग मे महिन्याच्या सुट्टीतला, कोणी आजारी आईला बघायला गेल्यावरचा. मधली चार वर्षं कोरी दिसली म्हणून दुरावा आला असं लिहू नका. त्या बहुधा सर्वांत सुखाच्या वर्षांत एका स्वयंपाकघरात होत्या. आणि सगळी पत्रं विरहाचीच असल्यामुळे तेवढ्यावर चरित्र लिहिलंत तर दोघी आयुष्यभर झुरत होत्या असं चित्र होईल. रोजचं आयुष्य पासबुकात, भाजीच्या हिशोबात आणि मावशींच्या आठवणीतच सापडेल.

‘वाचून फाडून टाक’ असं लिहिलेलं पत्र निघालं तर थांबा. लिहिणारीची इच्छा तिथे आहे, पण जिला ते आलं तिनं ते जपून ठेवलं, हाही एक निर्णयच आहे. विला कॅथर या अमेरिकन कादंबरीकार बाई ईडिथ लुइस यांच्याबरोबर जवळजवळ चाळीस वर्षं राहिल्या. आपली पत्रं छापू नयेत असं त्यांनी मृत्युपत्रातच लिहून ठेवलं होतं. त्या १९४७ मध्ये गेल्या, निवडक पत्रं छापली गेली ती २०१३ मध्ये. तोवर अभ्यासकांना मजकूर उद्धृत करता येत नसे, फक्त आपल्या शब्दांत सांगता येई. अशा पत्राबाबत तुम्हीही तेच करा: ठेवा, वाचा, पण शब्दशः छापू नका.

तुमच्या ट्रंकेत दोघींची पत्रं आहेत, हे मोठं भाग्य आहे. ॲन वॉकरची बाजू जवळजवळ दोनशे वर्षं मुख्यतः लिस्टरच्या लेखणीतून कळत होती: हळवी, आजारी, कटकट करणारी. तिची स्वतःची छोटी डायरी २०२० मध्ये ओळखली गेली. तोवर तिची बाजू मांडायला तिचंच फारसं काही हाती नव्हतं. तुमच्याकडे दुसरी बाजू कागदावरही आहे आणि बोलायला समोरही आहे.

म्हणून मावशींना बोलतं करा, पण ‘तुम्ही लेस्बियन होतात का?’ यानं सुरुवात नको. घटना विचारा. पहिल्यांदा एकत्र घर घेतलं तेव्हा घरमालकाला काय सांगितलं? भाडं कोण द्यायचं? स्वयंपाक कोण करायचं? दिवाळीला कोणाच्या माहेरी जायचं? एकीला लग्नासाठी स्थळं आली तेव्हा दुसरीनं काय केलं? आत्याच्या दहाव्याला तुम्हाला बोलावलं होतं का? रेकॉर्डिंगच्या सुरुवातीलाच त्यांची परवानगी त्यांच्या आवाजात घ्या. एका बैठकीला पाऊण तास पुरे, फोटो समोर ठेवलेत तर आणखी सोपं. रेकॉर्डिंगची एक प्रत त्यांना द्या, आणि त्या नात्याला जो शब्द वापरतील तो जसाच्या तसा टिपा.

शब्दाबद्दल. यॉर्कमधल्या होली ट्रिनिटी चर्चमध्ये १८३४ च्या ईस्टरला लिस्टर आणि वॉकर यांनी एकत्र प्रसाद घेतला. त्यांच्या दृष्टीनं ते लग्नच होतं. २०१८ मध्ये तिथे पाटी लावली. तीवर लिस्टरला लिंगभावाच्या चौकटीत न बसणारी उद्योजिका म्हटलं होतं, लेस्बियन हा शब्द नव्हता. हजारोंनी सह्या करून आक्षेप घेतला आणि २०१९ मध्ये पाटी बदलली. आता तीवर ‘लेस्बियन आणि रोजनिशीकार’ असं आहे. तो शब्द लिस्टरनं स्वतः वापरला नव्हता, पण आपलं प्रेम स्त्रियांवरच आहे हे तिनं स्पष्ट लिहून ठेवलं होतं, म्हणून तो तिथे शोभतो. आत्याच्या डायरीत तितकं स्पष्ट काही असेल आणि मावशींची हरकत नसेल तर तुम्हीही तो वापरा. नसेल तर वापरू नका, पण ‘जिवलग मैत्रीण’ म्हणून झाकूही नका. जोडीदार, सहचरी, ‘दोघींचा संसार’ हे शब्द पुराव्यावर उभे राहू शकतात. शिवाय मावशी हयात असताना आत्याला लावलेला शब्द मावशींनाही लागतो. त्यांनी नको म्हटलं तर प्रश्न तिथेच मिटतो.

स्मरणिकेसाठी मात्र एक वाक्य आमच्याकडून आताच खोडून ठेवा: ‘आजन्म अविवाहित राहून त्यांनी विद्यादानाला वाहून घेतलं.’ शाळांच्या स्मरणिकांत हे वाक्य छापील असतं, आणि त्यात मावशी पुसल्या जातात. त्याऐवजी निदान एवढं लिहा: अमुक सालापासून अखेरपर्यंत त्या आणि संगीत शिक्षिका अमुक बाई एकत्र राहिल्या, घर दोघींचं होतं, शेवटच्या आजारात बाईंनीच त्यांचं केलं. हे सगळ्या गावाला माहीतच आहे, यात कोणाचं गुपित फुटत नाही, आणि पुढचा शोधणारा कुठे बघायचं ते ओळखेल. तेही मावशींना वाचून दाखवूनच छापखान्यात द्या. मोठं चरित्र नंतर, सवडीनं लिहा.

कायद्याचं थोडक्यात. पत्राचा कागद ज्याला आलं त्याचा, पण मजकुराचा कॉपीराइट लिहिणाऱ्याचा. भारतात तो साधारणपणे मृत्यूनंतर ६० वर्षं चालतो. म्हणजे मावशींच्या पत्रातल्या ओळी छापायला मावशींची लेखी परवानगी हवी, आत्याच्या ओळींना तिच्या वारसांची, आणि त्यात चुलतभाऊही असू शकतो. मृत व्यक्तीबद्दलच्या मजकुरावरही अब्रुनुकसानीची फिर्याद होऊ शकते, पण त्यासाठी जवळच्या नातेवाइकांची मनं दुखावण्याचा हेतू असावा लागतो. मोठं काही छापण्याआधी वकिलाला दाखवा. स्त्री-स्त्री संबंध हा गुन्हा नाही, हे ६ सप्टेंबर २०१८ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानंतर सांगायची गरज नसावी, तरी चुलतभावाला सांगा.

कागद घरात टिकणार नाहीत असं वाटलं तर संस्था आहेत. बेंगळुरूच्या नॅशनल लॉ स्कूलमध्ये ‘कामरा’ हे क्वीअर (समलिंगी, ट्रान्सजेंडर वगैरे समुदायांचं) अभिलेखागार आहे. मुंबईत १९९५ मध्ये ‘स्त्री संगम’ नावानं सुरू झालेला आणि आता ‘लाबिया’ म्हणून ओळखला जाणारा गट स्त्रियांच्या अशा आयुष्यांबद्दल फार वर्षं काम करतो. त्यांच्याशी आधी बोलून घ्या. न्यूयॉर्कचं ‘लेस्बियन हर्स्टरी आर्काइव्ह्ज’ १९७४ मध्ये असंच घरातल्या खोलीत जमवलेल्या कागदांतून सुरू झालं. कुठेही देताना पावती आणि लेखी करार घ्या. त्यात चार गोष्टी हव्यात: कागद कायमचे दिले की सांभाळायला, कोणत्या सालापर्यंत बंद, मधल्या काळात कोण बघू शकतं, आणि नावं छापता येतील का. बंद ठेवायची मुदत मावशींच्याच तोंडून घ्या, त्यांच्या सहीनं. त्यांना सही जमत नसेल तर अंगठा आणि दोन साक्षीदार चालतात; त्यांतला एक घराबाहेरचा असू द्या.